उजेड पाडणारे काका

गच्चीची किल्ली मागायला गेलो तेव्हाच ओळखायला हवं होतं. ‘चंद्र-शनी युती? बघू, बघू,’ म्हणत सेक्रेटरी काका आत गेले आणि किल्लीसोबत स्वतःही बाहेर आले.

साडेचार इंची आरशाची दुर्बीण घरातून काढली की लगेच डोळा लावायचा नसतो. आरसा बाहेरच्या हवेइतका निवायला अर्धा तास लागतो, तोवर शनी नुसता थरथरतो. मुंबईत आरसा निवला तरी गच्ची निवत नाही, हा भाग वेगळा. दिवसभर तापलेला स्लॅब रात्रीही ऊब सोडत असतो आणि एसीचे डबे खालून त्यात भर घालतात. तरी 25 मिलिमीटरच्या आयपीसने (म्हणजे डोळ्याकडच्या भिंगाने), 36 पटीत, शनी पकडला. (चंद्राच्या झगमगाटात तो सापडत नसेल तर आधी चंद्राला चौकटीबाहेर ढकलायचं.) मग 10 चा आयपीस, 90 पट. दुर्बिणीला मोटर नसेल तर इथे ग्रह जेमतेम दोन मिनिटांत चौकट ओलांडून जातो, म्हणून हात सतत नळीवर. फोकस जमतोय न जमतोय, तोच गच्चीवर दिवस उगवला.

‘अंधारात काय दिसणार तुम्हाला?’ काका हॅलोजनच्या स्विचजवळून म्हणाले. आवाजात उपकार होते.

‘काका, बंद करा. तारे दिसत नाहीत.’

‘म्हणूनच तर लावला! 200 वॅटचा आहे.’

काळोखाला सरावायला डोळ्यांना 20 ते 30 मिनिटं लागतात आणि हा सराव मोडायला एक स्विच पुरतो, हे मी सांगितलं. त्यांनी मान डोलावली. दिवा तसाच. विषय बदलावा म्हणून म्हटलं, या, शनी बघा.

काका दोन पावलं मागे सरले. ‘माझी मेष रास. आत्ताच साडेसाती लागलीय. नळीतून थेट दृष्टी पडली म्हणजे?’

शनीला सूर्याभोवती फिरायला साडेएकोणतीस वर्षं लागतात. राशी 12, म्हणजे एकीत अडीच वर्षं, तिघींत साडेसात. काका, हा निव्वळ भागाकार आहे, असं समजावलं. त्यांना गुणाकारात रस होता.

‘ही किती पट दाखवते?’

‘90.’

ते बोटांवर काहीतरी मोजत राहिले. ‘साडेसात नव्वदे... 675 वर्षं! नको रे बाबा.’

तरी मोह सुटेना. शेवटी वाकले, जो डोळा उघडा ठेवायचा तोच मिटून. तो उघडवला, निसटलेला शनी पुन्हा आणला. ‘कडी कुठायत? कॅलेंडरवर चांगली रुंद असतात.’ 2025 च्या मार्चमध्ये कडी आपल्याकडे अगदी धार करून होती, अजून पुरती उघडली नाहीत, म्हणून रेघ दिसते, हे सांगून होईपर्यंत निकाल लागला होता: ‘स्वस्तातली घेतलीत.’

खरं सांगायचं तर शनीला मुंबईच्या उजेडाचं काही वाटत नाही. गुरू-शुक्राला तर नाहीच. मरतात ते बारीक तारे. सप्तर्षींतले अत्री ऋषी सातांत सर्वांत मंद. उपनगरातून ते बहुतेक रात्री गैरहजर. वसिष्ठांशेजारची अरुंधती तर चौथ्या प्रतीची, म्हणजे त्यांच्याहूनही मंद. लग्नात गुरुजी हॉलच्या छताकडे बोट दाखवतात, नवरा-नवरी झुंबराकडे बघून ‘दिसली’ म्हणतात, संसार सुरू. रस्त्यावरच्या दिव्याला वरून टोपी घातली तर तोच उजेड खाली पडेल, वीजही कमी लागेल. पण आपल्याकडे होर्डिंगवरचे दिवेसुद्धा आभाळाकडे तोंड करून असतात. मग ज्याला अंधार हवा त्याने बदलापूरपलीकडच्या वांगणीची लोकल पकडावी आणि पहाटे परतावं. मध्य रेल्वेवर हा खगोलशास्त्राचा खर्च धरत नाहीत.

काल सोसायटीच्या सभेत गच्चीसाठी दुसरा हॅलोजन एकमताने मंजूर झाला. इतिवृत्तात कारण लिहिलंय: ‘सभासदांच्या ग्रहदर्शनाची गैरसोय होत असल्याने.’