ग्रहण कसं चुकवावं

2 ऑगस्ट 2027 ला सोमवार आहे आणि त्या दुपारी सूर्यग्रहण आहे. आत्तापासून तयारीला लागलात तर ते हमखास चुकेल. आम्हा इंदूरकरांना याचा दांडगा अनुभव आहे. ज्यासाठी लोक साता समुद्रापार जातात ते खग्रास सूर्यग्रहण 22 जुलै 2009 ला, सकाळी साडेसहाच्या जरा अलीकडे, आपण होऊन आमच्या गच्चीवर आलं होतं. एकविसाव्या शतकातलं सगळ्यात लांब खग्रास! आम्ही जिन्याचं दार लावून घेतलं.

कुठल्याही एका गावाच्या वाट्याला खग्रास येतं ते सरासरी पावणेचारशे वर्षांतून एकदा. होळकरांचं अख्खं राज्य त्या अवधीत मावून वर उरेल. म्हणजे चुकवायची संधीही तितकीच दुर्मीळ, ती हातची घालवू नये.

सर्वांत आधी हे मनाशी पक्कं करा की ग्रहणात जग बदलतं. सूर्य आणि पृथ्वीच्या मध्ये चंद्र येतो, हे झालं वरवरचं. खरी उलथापालथ स्वयंपाकघरात होते. रात्री विरजलेलं दही पहाटे विष होतं, माठातलं पाणी बाटतं आणि फ्रीज कितीही घट्ट लावला तरी चंद्राची सावली दाराच्या रबरातून आत शिरते. मात्र तुळशीचं एक पान ठेवलं की आल्या पावली परत जाते. जवळपास साडेतीन हजार किलोमीटर रुंदीचा चंद्र सूर्याला झाकतो, पण कुंडीतल्या पानापुढं त्याचं काही चालत नाही. (आमची तुळस त्या आठवड्यात पार बोडकी झाली होती. तिला कोणाचे वेध लागले होते ते कुणी विचारलं नाही.)

आता खास इंदुरी अडचण. सूर्यग्रहणाचे वेध चार प्रहर आधी लागतात. 2009 चं ग्रहण सूर्योदयाच्याही आधी लागलेलं, म्हणजे वेध आदल्या संध्याकाळपासूनच. पण सराफा, म्हणजे आमचा रात्रीचा खाऊबाजार, जागा होतो तो दागिन्यांची दुकानं मिटल्यावर, आणि जुलैत तिथं भुट्ट्याचा कीस असतो. ही दोन शास्त्रं समोरासमोर आली तर मानायचं कुठलं? आमच्या रामबागेतल्या एका काकांनी निवाडा दिला: वेध घरात लागतात, सराफ्यात लागत नाहीत. तुम्हीही हाच ग्राह्य धरावा. शिवाय तुपातेलात तळलेल्याला दोष नाही, असं आमची आजी सांगायची. त्या न्यायानं जलेबी सुटली, कचोरी सुटली, शेव तर कधी अडकलीच नव्हती. अडकले ते पोहे, कारण इंदुरी पोहे पडले वाफेवरचे. यावर गच्चीखालच्या जिन्यात बराच खल झाला. शेवटी ठरलं की पोह्यांवर जेवढी शेव, तेवढा भाग निर्दोष. मग शेव वाढवण्यात आली.

महिना कुठला हेही घरात ठरवून ठेवा. इंदुरातल्या मराठी घरात ते वाटतं तितकं सोपं नाही. त्या दिवशी आमच्याकडे आषाढी अमावास्या होती आणि भिंतीपलीकडे हरियाली अमावस्या. म्हणजे शेजाऱ्यांचा श्रावण अर्धा सरलेला आणि आमचा उद्यापासून लागणार. चंद्र एक, भिंत एक, महिने दोन. आमची ती दिव्यांची अमावास्या. समया, निरांजनं घासूनपुसून पाटावर मांडली होती, पडदे ओढून घेतले होते. सगळ्यात मोठा दिवा बाहेर तीनेक मिनिटं मालवला गेला, तेव्हा आम्ही आत बसून वातींची लांबी बघत होतो. वर आषाढाचे ढग होते हे खरं, पण ते आम्हाला नंतर कळलं.

कुणी फार शास्त्र काढू लागलं तर त्याला उज्जैनला न्यावं, शिप्रेत स्नान घडवावं, पण वराहमिहिराकडे वळू देऊ नये. हा अवंतीचा, म्हणजे जुन्या उज्जैनचा ज्योतिर्विद, इथून पन्नास-पंचावन्न किलोमीटरवरचा. सूर्यग्रहणात चंद्रच सूर्याच्या आड येतो, हे त्यानं सहाव्या शतकात लिहून ठेवलंय. घरचाच माणूस असं बोलायला लागला तर राहूनं जायचं कुठं?

डोळ्यांची काळजी मात्र खरंच घ्या, इथं थट्टा नाही. 2027 ला इंदुरात ग्रहण खंडग्रासच आहे, त्यामुळे एक क्षणही नुसत्या डोळ्यांनी सूर्याकडे बघायचं नाही. एक्स-रेची फिल्म, काजळी धरलेली काच, गॉगल यातलं काहीही चालत नाही, ग्रहणासाठीचाच चष्मा हवा. किंवा शेव तळायचा झारा उन्हात धरा: जमिनीवर भोकागणिक एकेक अर्धवट सूर्य उमटतो. पण झारा ग्रहणात हातात धरायचा नसतो, तेव्हा हाही मार्ग बंद. छान.

आणि घरात कुणी गरोदर असेल तर सगळं शास्त्र तिच्यावर लोटून मोकळं व्हावं. सुरीला हात नाही, झोप नाही, पाण्याचा घोट नाही. तिच्या कोरड्या घशावर आपल्याला पुण्य लागतं आणि आपण तेवढ्यात शेव खाऊन घेतो.

तर 2027. ग्रहणं अठरा वर्षं, अकरा दिवस आणि आठ तासांनी त्याच थाटात परत येतात. तिथीसुद्धा तीच साधलीय, आमची दिव्यांची अमावास्या, वर सोमवती. घात करतात ते वरचे आठ तास. तेवढ्यात पृथ्वी एक तृतीयांश फिरून जाते, म्हणून आमच्या गच्चीवर येऊन गेलेलं ग्रहण या वेळी इजिप्तमध्ये लक्सरवर उतरणार, सहा मिनिटांहून जास्त. आमच्या वाट्याला सूर्याचा कडेचा एक लचका.

2009 ला माझी भाची आठ वर्षांची होती. पडद्याची कड धरून उभी होती, तेव्हा मीच तिला म्हणालो होतो, "चल आत, पुढच्या वेळी बघ." आता ती लक्सरच्या तिकिटासाठी पैसे साठवतेय. परवा म्हणाली, "मामा, तू येतोस का?"

मी म्हटलं, "अगं, दुपारचं ग्रहण. वेध पहाटेच लागणार. दिवसभर खायचं काय?"

"शेव नेऊ," ती म्हणाली, "तळलेलीच असते."