दाजी, तारखेला जायचंच! निवृत्तीबरोबर चौकशी संपत नाही

गेल्या आठवड्यात रात्री साडेदहाला ताईचा फोन आला. दाजींना चौकशी अधिकाऱ्यांची नोटीस आली होती, तारीख तीन दिवसांवर होती आणि दाजी म्हणत होते, "मी काही जात नाही. सुप्रीम कोर्टानंच संपवलंय हे." आधार काय, तर निवृत्त शिक्षकांच्या ग्रुपवर फिरणारा एक मेसेज. तो मलाही चार जणांनी पाठवला होता आणि मी वाचून सोडून दिला होता. तेव्हाच उत्तर द्यायला हवं होतं.

मेसेज म्हणतो: निवृत्तीच्या दिवशी विभागीय चौकशी आपोआप रद्द होते. म्हणून नोटिशीला उत्तर देऊ नका, हजर राहू नका. पेन्शन आणि ग्रॅच्युइटी कुणीही अडवू शकत नाही. निवृत्तीनंतर नवी चौकशी लागूच शकत नाही. खाली दाखला एकच, 'भागीरथी जेना, १९९९'.

मी पंचायत समितीत अकरा वर्षं पेन्शनची प्रकरणं हाताळली. जिल्हा परिषदेच्या जुन्या पेन्शनवाल्या शिक्षकांपुरतं सांगतो.

महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मधला नियम २७ काढून वाचा. नोकरीत असताना सुरू झालेली चौकशी निवृत्तीनंतरही चालू राहते. माणूस जणू नोकरीतच आहे असं धरून ती पूर्ण करायची, असं त्यात स्पष्ट लिहिलंय. आणि सुरू झाली कधी म्हणायची? दोषारोपपत्र दिलं त्या तारखेला. त्याआधी निलंबन झालं असेल तर निलंबनाच्या तारखेला. दाजींच्या हातात ज्ञापन, म्हणजे हेच दोषारोपपत्र, पडलं ते निवृत्तीच्या पाच महिने आधी. रद्द होण्याचा प्रश्नच येत नाही.

जेना निकाल खरा आहे, पण तो ओरिसा राज्य वित्तीय महामंडळाच्या कर्मचाऱ्याचा. त्या महामंडळाच्या विनियमांत निवृत्तीनंतर चौकशी चालवायची तरतूदच नव्हती, म्हणून ती संपली. आपल्याकडे तरतूद आहे. शिवाय २०२० मध्ये महानदी कोलफील्ड्सच्या प्रकरणात सुप्रीम कोर्टाच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठानं बहुमतानं सांगितलं की नियमात सोय असेल तर निवृत्तीनंतरही चौकशी चालते आणि ग्रॅच्युइटी रोखता येते. हे मेसेजमध्ये कुठेच नाही.

माझा खरा संताप 'हजर राहू नका' या ओळीवर आहे. दाजींवर आरोप आहे शालेय पोषण आहाराच्या तांदळाचा. एका महिन्यात साठा नोंदवहीपेक्षा प्रत्यक्ष तांदूळ ५५ किलो २०० ग्रॅम कमी भरला. ज्ञापनाची जोडपत्रं घेऊन मी ताईच्या स्वयंपाकघरात बसलो आणि नोंदवहीच्या प्रती तपासल्या. पहिली ते पाचवीच्या मुलामागे १०० ग्रॅम तांदूळ आणि सहावीपासून पुढे १५० ग्रॅम, हे प्रमाण कुठल्याही मुख्याध्यापकाला पाठ असतं. त्या महिन्यात नोंद करणाऱ्यानं सहावी-सातवीलाही १०० ग्रॅमच धरले होते. या दोन वर्गांची रोजची हजेरी ४६. माणशी ५० ग्रॅम, म्हणजे दिवसाला २ किलो ३०० ग्रॅम. शाळा भरली २४ दिवस. गुणाकार करा, ५५ किलो २०० ग्रॅम. तांदूळ मुलांच्या पोटात गेला होता, फक्त वहीत खर्ची पडला नव्हता.

दाजी गेले नसते तर हे कुणी सांगितलं असतं? चौकशी एकतर्फी झाली असती, आरोप सिद्ध धरला गेला असता. गंभीर गैरवर्तन किंवा निष्काळजीपणा सिद्ध झाला की नियम २७ खाली पेन्शन काही काळ किंवा कायमची, अंशतः किंवा पूर्ण रोखता येते, नुकसानीची वसुलीही लागते. नोंदीतली चूक आणि गंभीर गैरवर्तन यातला फरक माणसानं समोर उभं राहूनच दाखवायचा असतो. पस्तीस वर्षांची नोकरी असल्या फॉरवर्डवर टाकायची?

पेन्शन-ग्रॅच्युइटीचं थोडक्यात. नियम १३० प्रमाणे चौकशी चालू असेपर्यंत तात्पुरतं निवृत्तिवेतन मिळतं. उपदान, म्हणजे ग्रॅच्युइटी, मात्र अंतिम आदेशापर्यंत मिळत नाही. सुप्रीम कोर्टाच्या २०१३ च्या झारखंड प्रकरणातल्या निकालात पेन्शन ही मालमत्ता आहे, नियमाच्या आधाराशिवाय ती अडवता येणार नाही, असं कोर्टानं म्हटलंय, ते बरोबरच आहे. तिथे चौकशी चालू असताना रोखण्याचा नियम नव्हता, इथे नियम १३० आहे.

चौथ्या मुद्द्यात अर्धं तथ्य आहे, ते मान्य करतो. निवृत्तीनंतर नवी चौकशी लावायची तर शासनाची मंजुरी लागते आणि घटना चार वर्षांपेक्षा जुनी चालत नाही. कुणाला अशी जुनी घटना उकरून नोटीस आली असेल तर त्यानं हरकत जरूर घ्यावी, पण लेखी. विनाअनुदानित, पेन्शन नसलेल्या शाळेतल्या निवृत्तांनी आपल्या सेवानियमांत तरतूद आहे का ते आधी बघावं. नसेल, तर तिथे जेना निकाल कामी येऊ शकतो.

आणि कार्यालयांचंही चुकतंच. चौकशी शक्यतो सहा महिन्यांत, फार तर वर्षात संपवा, असं सुप्रीम कोर्टानं २०१५ मध्येच म्हटलंय. तरी फायली पडून राहतात, माणूस उपदानाची वाट बघत खंगतो, आणि मग असला मेसेज खरा वाटायला लागतो.

सोमवारी दाजी गेले, मी बचाव सहाय्यक म्हणून सोबत होतो. सहावी-सातवीचे हजेरीपट मागवण्याचा अर्ज दिला, पोच घेतली. पुढची तारीख १८ आहे.