पंज्याच्या यंत्राविषयी खुलासा

मॉलमधील पंज्याच्या यंत्रातून, म्हणजे पैसे टाकून यांत्रिक पंज्याने खेळणे उचलण्याच्या यंत्रातून, खेळणे निसटते ते केवळ खेळणाऱ्याचा नेम चुकल्यामुळे, असा दावा सध्या फिरत आहे. तो अर्धवट आहे. पंजा मिटवणाऱ्या विद्युतचुंबकी कॉइलला (वीज दिल्यावर चुंबक होणाऱ्या तारेच्या वेटोळ्याला) किती व्होल्टेज द्यायचे, म्हणजेच पकड किती घट्ट ठेवायची, हे अनेक यंत्रांत यंत्र लावणाऱ्या व्यावसायिकाला सेटिंगमधून ठरवता येते, आणि घट्ट व सैल पकडीची मूल्ये वेगवेगळी ठेवून, उदाहरणार्थ, १५ डावांमागे एकदाच पूर्ण ताकद मिळेल अशीही व्यवस्था करता येते. एरवी पंजा खेळणे उचलतो आणि वर पोहोचताच ढिला पडतो. पाहणाऱ्याला मात्र थोडक्यात हुकले असेच वाटते, आणि गल्ला भरतो तो याच भासावर. नेम निरर्थक नाही, कारण घट्ट पकडीच्या डावातही पंजा खेळण्यावर नीट बसला नाही तर ते निसटतेच. खेळणी दाबून भरलेली असतील, तर अचूक नेमही वाया जातो.