रीमा लागू म्हणजे नुसती 'सलमानची आई'?

१८ मे, म्हणजे स्मृतिदिन, जवळ आला की अभिनेत्री रीमा लागूंच्या फोटोखाली तोच मजकूर फिरू लागतो: सलमानची आई म्हणून सिनेमात आल्या, जन्मभर सोशिक आईच करत राहिल्या, सिनेमा आटला तेव्हा मालिकांकडे वळल्या, आणि एवढं करून फिल्मफेअर काही मिळालं नाही. यातलं शेवटचं खरं आहे. नामांकनं चार, बाहुली एकही नाही. बाकीचं मात्र तपासायला हवं.

'मैंने प्यार किया', 'साजन', 'जुडवा', 'हम साथ साथ हैं' यांत त्या सलमानच्या आई, कबूल. पण ज्या 'हम आपके हैं कौन'चा दाखला हटकून दिला जातो, त्यात त्या माधुरीच्या आई आहेत! 'मैंने प्यार किया' १९८९च्या डिसेंबरात लागला तेव्हा त्या ३१ वर्षांच्या, सलमान २४चा. तिशीतल्या बाईला केस पांढरे करून आई करायचं हा धंद्याचा शिरस्ता. त्यावरून तिची कुवत कशी मोजता?

बरं, 'सलमानची आई म्हणून आल्या' हेही चूक. रंगभूमीवरच्या मंदाकिनी भडभडे यांची ही मुलगी, माहेरची नयन. 'सिंहासन' १९७९चा, 'आक्रोश' १९८०चा (त्यात त्या नाचणारी आहेत, आई नव्हे), बेनेगलांचा 'कलयुग' १९८१चा. नाटकांत जयवंत दळवींच्या 'पुरुष'मध्ये नाना पाटेकरांच्या गुलाबरावासमोर उभी राहिलेली अंबिका त्यांची, 'सविता दामोदर परांजपे'ही त्यांचीच. ज्यांनी हे प्रयोग पाहिलेत त्यांना 'सोशिक' वगैरे सांगायला जाऊच नका.

आणि आईच म्हणायची तर 'वास्तव' (१९९९) बघा. त्यांचा मुलगा रघू झालेला संजय दत्त त्यांच्याहून जेमतेम वर्षभराने लहान. रघू गळ्यातली पन्नास तोळ्यांची साखळी आईपुढे मिरवतो. तोच रघू शेवटी नशेने आणि भीतीने पार खचून सुटका मागतो, आणि गोळी आई झाडते. पोरावर बंदूक रोखणारी आई हिंदी पडद्यावर आधीही होऊन गेली, पण तिथे न्यायनिवाडा होता. इथे पोराचे हाल बघवत नाहीत, बस्स. 'मैंने प्यार किया'मधल्या आईचा आणि या बाईचा काडीचाही संबंध नाही.

मालिकांचं तर तारखाच सांगतात. 'खानदान' १९८५ची. 'श्रीमान श्रीमती' आणि 'तू तू मैं मैं' सुरू झाल्या त्या 'हम आपके हैं कौन'च्याच सुमारास, म्हणजे सिनेमात त्यांची चलती असताना. पहिलीत शेजारणीवर डोळा ठेवणाऱ्या केशवची बायको कोकी आणि दुसरीत सुप्रिया पिळगावकरशी रोज खटके उडवणारी सासू, दोन्हींत टायमिंग असं की समोरच्याचं वाक्य संपायच्या आत हशा तयार. २०१७मध्ये गेल्या, त्याच्या आदल्या दिवशीही त्या 'नामकरण'च्या सेटवर होत्या. त्यातली दयावंती मेहता कारस्थानी होती, सोशिक तर अजिबात नव्हती.