‘बाहुलीकरण’ला एकच अर्थ? मग बाकीच्यांनी जायचं कुठे?

गेले काही दिवस एक मजकूर फिरतोय. माझ्याकडे तो तीन वेगवेगळ्या ग्रुपवरून आला, आणि दर वेळी पाठवणाऱ्याने तो स्वतःच लिहिल्याच्या थाटात पाठवला होता. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: डॉलिफिकेशन, मराठीत बाहुलीकरण, ही समाजमाध्यमांची देणगी आहे, त्याची सुरुवात बार्बीपासून झाली, त्याचा अर्थ एकच, जिवंत बाईची निर्जीव वस्तू करणं, ते फक्त बायकांच्याच वाट्याला येतं, आणि जी आपणहून बाहुलीसारखी नटते ती फसलेली असते, तिला ते कळत नाही एवढंच. खाली हात जोडलेली इमोजी आणि ‘पुढे पाठवा’.

यामागचा राग मला परका नाही. पण रागाच्या भरात लिहिणाऱ्याने शब्दाचीच मान पिरगाळलीय. एकेक मुद्दा घेऊ.

‘ही समाजमाध्यमांची देणगी’

नाव नवं असेल, मान्य. गोष्ट नवी नाही. 1762 साली फ्रेंच विचारवंत रूसोने ‘एमिल’ या पुस्तकात मुलींच्या शिक्षणाबद्दल लिहिताना म्हटलं, की मुलगी आपला सगळा नखरा बाहुलीवर खर्च करते आणि आपण स्वतःच स्वतःची बाहुली कधी होऊ याची वाट बघत असते. गंमत म्हणजे त्याला यात काहीच वावगं वाटत नव्हतं. मुलीची जातच अशी, तेव्हा शिक्षणही त्याला धरूनच हवं, असा त्याचा सूर. तीस वर्षांनी, 1792 मध्ये, इंग्लिश लेखिका मेरी वोलस्टोनक्राफ्टने त्याला सरळ उत्तर दिलं: ज्या मुलीला हुंदडू दिलंय तिचं बाहुलीकडे लक्षही जाणार नाही, कोंडून ठेवलं आणि दुसरं काही करायला उरलं नाही, तरच ती बाहुली घेऊन बसेल.

वोलस्टोनक्राफ्टचं हे उत्तर मला अर्धंच पटतं, त्याचं कारण पुढे येईलच. पण वाद केवढा जुना आहे ते बघा.

त्यानंतर 1879 मध्ये इब्सेनच्या ‘अ डॉल्स हाउस’ या नाटकातली नोरा. ती नवऱ्याला म्हणते, मी इथे तुझी बाहुली-बायको होते, माहेरी बाबांची बाहुली-मुलगी होते. हे वाक्य सगळ्यांना ठाऊक असतं. त्याला लागूनच ती म्हणते, की मुलं माझ्या बाहुल्या झाली. हे मात्र कुणी सांगत नाही. जिला बाहुली केलं तिनेही पुढे कुणाला तरी बाहुली केलं, हे तिला स्वतःला दिसलेलं असतं. फिरत्या मजकुराला एवढी गुंतागुंत झेपणारी नाही.

‘सुरुवात बार्बीपासून’

बार्बी 9 मार्च 1959 ला न्यूयॉर्कच्या खेळणी मेळ्यात आली. तिचं रूप बेतलं होतं लिली नावाच्या जर्मन बाहुलीवर, जी 1955 पासून विकली जात होती. आणि त्याच्या कितीतरी आधी, फॅशनची मासिकं नव्हती तेव्हा, पॅरिसचे शिंपी नव्या तऱ्हेचे कपडे चढवलेल्या बाहुल्या युरोपभर पाठवत आणि श्रीमंत बायका त्या बघून आपले कपडे शिवून घेत. म्हणजे मोठ्या बाईने बाहुलीबरहुकूम दिसायचं, हे बार्बीच्या पणजीच्या काळापासून चालू आहे.

बार्बीवर राग काढायला जागा नाही असं नव्हे. 1965 च्या एका संचात तिच्याबरोबर 110 पौंडांवर काटा थांबलेला वजनकाटा आणि वजन कमी करण्याचं चिमुकलं पुस्तक होतं. त्यातला सल्ला दोन शब्दांचा: खाऊ नका. यावर रागवा, मीही रागावते. पण उगमाचा मान तिला देऊ नका.

उगमच शोधायचा तर इंग्रजी ‘डॉल’ हा शब्द बघावा. तो मुळात खेळण्याचा नाहीच. मेरीची मॉल होते, सेराची सॅल, तशी डोरोथीची डॉल. सोळाव्या शतकात हे बाईचं लाडाचं नाव होतं; मग लाडक्या बाईसाठी सर्रास वापरलं जाऊ लागलं; आणि खेळण्याला ‘डॉल’ म्हणू लागले ते 1700 च्या आसपास. बाईला बाहुलीचं नाव मिळालं असं आपण धरून चालतो. घडलं उलटं. बाहुलीला बाईचं नाव मिळालं.

‘अर्थ एकच: जिवंताची निर्जीव वस्तू’

इथे खरी मेख आहे.

माझ्या भाचीकडे एक कापडी बाहुली आहे. एक डोळा बटणाचा, दुसऱ्या जागी नुसता काळा दोरा. डावा पाय दोनदा शिवलेला, मानेतला कापूस खाली सरकल्यामुळे मान कायम एका बाजूला कललेली. भाची पाच वर्षांची होती तेव्हा मी तिला तशीच, पण धडधाकट, नवी बाहुली आणून दिली. तिने ती नीट पाहिली, बाजूला ठेवली आणि म्हणाली, “ही ती नाही.” मग जुनीच्या कानाशी तोंड नेऊन तिला सांगितलं, की मावशीला कळत नाही, तू रागावू नकोस.

आता वस्तू करणं म्हणजे काय ते बघू. तत्त्वज्ञ मार्था नुसबॉम यांनी 1995 मध्ये त्याची सात लक्षणं मांडली: माणसाला अवजारासारखं वापरणं, त्याला स्वतःचा निर्णय असतो हे नाकारणं, त्याला जड, अचेतन समजणं, एकाच्या जागी दुसरा चालेल असं मानणं, मोडला-तुटला तरी हरकत नाही असं वागणं, मालकी सांगणं, आणि त्याच्या मनात काय आहे याची पर्वा न करणं. हे सातही निकष त्या कललेल्या मानेच्या बाहुलीला लावून बघा. एकीच्या जागी दुसरी चालते? नाही, नवी धुडकावली गेली. मोडली तर हरकत नाही? पाय दोनदा शिवून घेतलाय. तिच्या मनात काय आहे याची पर्वा नाही? तिला राग येईल म्हणून समजूत काढली जातेय! मालकी तेवढी आहे, आणि तीही हिरिरीने.

म्हणजे माणसाला वस्तूच्या पायरीवर ढकलणं ही एक दिशा झाली. वस्तूला माणसाच्या पायरीवर चढवणं ही बरोबर उलटी, आणि बाहुली जन्मली ती या दुसऱ्या दिशेसाठी. म्हणून वोलस्टोनक्राफ्ट मला अर्धीच पटते. कोंडून न ठेवलेली मुलंही बाहुलीत जीव ओततात. पहिल्या प्रकाराला मराठीत ‘वस्तूकरण’ हा चोख शब्द आहे. तो वापरा की. त्यासाठी बाहुलीला कशाला बदनाम करायचं?

बरं, बाकीचे अर्थ. कुणाच्या तरी डोळ्यात अगदी जवळून बघा. मधल्या काळ्या गोलात एक इवलंसं माणूस दिसतं, तुमच्यासारखंच. आपण त्या गोलालाच बाहुली म्हणतो. लॅटिनमध्ये त्याला पुपिल्ला म्हणत, म्हणजे छोटी बाहुली, आणि इंग्रजीतला ‘प्युपिल’ तिथूनच आला. संस्कृतात कनीनिका म्हणजे लहान मुलगीही आणि डोळ्यातली बाहुलीही. ग्रीकमध्ये कोरे, पुन्हा मुलगी. हिब्रूत मात्र तिथे छोटा पुरुष बसलेला आहे आणि अरबीत ‘डोळ्यातला माणूस’. एवढ्या भाषांना तीच गोष्ट दिसली: दुसऱ्याच्या नजरेत आपण बाहुलीएवढे होतो. यात निर्जीव काय आहे? डोळा उघडा असल्याशिवाय ती बाहुली दिसतच नाही.

माझा सगळ्यात आवडता अर्थ किड्यांचा आहे. अळी कोषात जाते त्या अवस्थेला शास्त्रात प्युपा म्हणतात. निसर्गशास्त्रज्ञ लिनियसने अठराव्या शतकात लॅटिनमधला ‘पुपा’ उचलला. अर्थ मुलगी किंवा बाहुली. तेव्हा अळी कोषात जाते त्याला इंग्रजीत ‘प्युपेट’ हा जो शब्द आहे त्याचा शब्दशः अर्थ ‘बाहुली होणं’ असाच निघतो. बाहेरून बघणाऱ्याला ते निपचित पडलेलं दिसतं. आत अळीच्या शरीराचा बराचसा भाग विरघळत असतो, आणि पंख, पाय, मिशा यांचे जे अंकुर अळीच्या अंगात आधीपासून दडलेले असतात ते वाढत असतात. त्या कोषाला ‘निर्जीव वस्तू’ म्हणून बघा एकदा.

डॉक्टरांकडेही हा शब्द आहे. बेशुद्ध रोग्याची मान एका बाजूला वळवली (मानेला इजा नाही याची आधी खात्री करून) आणि डोळे उलट्या दिशेला सरकले, तर त्याला ‘बाहुलीचे डोळे’ म्हणतात. पापण्यांमागे वजन लावलेल्या जुन्या बाहुल्यांवरून हे नाव पडलं. तसे डोळे सरकणं ही चांगली खूण असते. मेंदूच्या देठाचा तो भाग काम करतोय असा तिचा अर्थ. डोळे रुतल्यासारखे एका जागी राहिले तर काळजी. इथे बाहुलीसारखं असणं म्हणजे अजून आत काहीतरी जागं असणं.

पण वैद्यकातलाच दुसरा दाखला मजकुराच्या बाजूने जातो, तोही सांगायला हवा. 1965 साली हॅरी अँजेलमन या इंग्लिश बालरोगतज्ज्ञाने तीन मुलांबद्दल लेख लिहिला. झटके देत चालणारी, बोलता न येणारी, वारंवार हसणारी मुलं. व्हेरोनाच्या संग्रहालयात त्याने एक चित्र पाहिलं होतं, हातात बाहुल्याचं चित्र घेऊन हसणारा मुलगा. त्यावरून लेखाला शीर्षक दिलं ‘बाहुली मुलं’. दोन वर्षांत त्या आजाराला ‘आनंदी कळसूत्री बाहुली’ असं नाव चिकटलं. शोध मोलाचा होता, अँजेलमनचा हेतूही वाईट नव्हता. पण आपल्या मुलाच्या कागदांवर हे नाव वाचणाऱ्या आईबापांची कल्पना करा. 1982 मध्ये दोन डॉक्टरांनी हे नाव मुलांसाठी अवमानकारक आहे म्हणून अँजेलमन सिंड्रोम हे नाव सुचवलं, आणि तेच टिकलं. बाहुली म्हणण्याने माणूस कसा लहान होतो याचं याहून लखलखीत उदाहरण मला माहीत नाही. फिरत्या मजकुरात ते नाही, कारण तिथे लिपस्टिक नाही.

‘हे फक्त बायकांच्याच बाबतीत होतं’

जास्त करून होतं, हे खरं. ‘फक्त’ खोटं.

दुकानाच्या काचेत साडी नेसून उभी असते ती मॅनिकिन. तो शब्द डच भाषेतून आला आणि त्याचा अर्थ ‘छोटा पुरुष’. दुसऱ्याच्या दोरीवर नाचणाऱ्या नेत्याला आपण बाहुलं म्हणतो, नपुंसकलिंगी, आणि या शिवीचे धनी बहुतेक पुरुषच असतात. जपानने 1932 मध्ये मांचुरियात उभं केलेलं राज्य इतिहासाच्या पुस्तकांत बाहुलं राज्य म्हणूनच ओळखलं जातं. त्याच्या गादीवर बसवलेला पुयी पुरुष होता, आणि एकेकाळी चीनचा सम्राटही.

सगळ्यात मजेशीर प्रकरण जी. आय. जोचं. 1964 मध्ये हॅस्ब्रो कंपनीने हा सैनिक बाजारात आणला. कपडे बदलता येणारा, हातपाय वळणारा, थेट बार्बीच्या वळणाचा. पण मुलगे बाहुलीशी खेळणार नाहीत या भीतीने कंपनीने त्याला ‘ॲक्शन फिगर’ हे नवं नाव दिलं. पुढे आयातकराचा वाद कोर्टात गेला आणि 1989 मध्ये अमेरिकेच्या अपील कोर्टाने ठरवलं, की कर आकारायचा तर ही बाहुलीच. मग एक्स-मेन या कॉमिक्समधल्या महानायकांच्या पुतळ्यांवरून खटला उभा राहिला, कारण बाहुलीवर 12 टक्के कर होता आणि इतर खेळण्यांवर 6.8. बाहुली म्हणजे माणसाची प्रतिकृती; तेव्हा कंपनीचे वकील आमचे नायक माणसं नाहीतच हे पटवू लागले, आणि 2003 मध्ये न्यायाधीशांनी ते मान्य केलं. पाचेक टक्क्यांसाठी माणूसपण सोडायची तयारी!

‘आपणहून नटणारी फसलेली असते’

कधी असतेही. अठरावं न लागलेल्या मुलीला हनुवटी टोकदार करणाऱ्या फिल्टरखेरीज स्वतःचा चेहरा बघवत नसेल, तर तिथे ‘तिची मर्जी’ म्हणून हात झटकणं मला जमणार नाही.

पण जपानमधली लोलिता फॅशन घ्या. झालरींचा घेरदार झगा, गुडघ्यापर्यंत मोजे, केसांत फीत. त्या पेहरावातल्या पुष्कळ जणी सांगतात, की हे पुरुषांच्या नजरेसाठी नाही; किंबहुना इतक्या कापडाआड ती नजर पोचतच नाही. एकमेकींसाठी आणि स्वतःसाठी त्या तासन्‌तास तयार होतात आणि संध्याकाळी सगळं उतरवून ठेवतात. रंगमंचावर निश्चल बाहुलीचं सोंग घेणारे कलाकार आहेत. आपापसांत ठरवून, नियम घालून असा खेळ खेळणारी प्रौढ माणसंही आहेत. या सगळ्यांच्या हातात एक गोष्ट असते, जी नोराच्या हातात नव्हती आणि अँजेलमनच्या त्या तीन मुलांच्या तर नव्हतीच: थांबवायचा अधिकार. मजकूर लिहिणाऱ्याने हा फरक विचारातच घेतलेला नाही. त्याला झगा दिसला आणि निकाल लागला.

एप्रिल 2025 मध्ये लोकांना एआयकडून स्वतःचं बाहुल्यात रूपांतर करून घ्यायचा नाद लागला होता, आठवतंय? प्लास्टिकच्या खोक्यात उभे आपण, बाजूला आपला लॅपटॉप, चहाचा कप, वर आपलं नाव. ज्याने मला हा मजकूर सगळ्यात आधी पाठवला, त्या गृहस्थांचा डीपी अजून तोच आहे. खोक्यात, टाय लावून, हसतायत.