उंचीचा एकच 'डॉमिनंट जीन' नसतो

'उंचीचा जीन डॉमिनंट, आईबाबांपैकी एक जरी उंच असला तरी मुलं उंचच होणार' असा मेसेज फिरतोय (डॉमिनंट म्हणजे एकाच पालकाकडून आला तरी असर दाखवणारा जीन, म्हणजे जनुक), तो चुकीचा आहे. आनुवंशिकतेचा पाया घालणाऱ्या मेंडेलने 1866 मध्ये जे मांडलं ते वाटाण्याच्या रोपांबद्दल होतं, तिथे खरंच एका जीनवर उंच की बुटकं ठरत होतं, पण माणसाचं तसं नाही हो. 2022 मध्ये 50 लाखांहून जास्त लोकांचा डीएनए तपासला तेव्हा उंचीशी जोडलेले तब्बल 12 हजार बदल सापडले, प्रत्येकाचा वाटा अगदी चिमूटभर, आणि बहुतेकांची नुसती बेरीज होते. म्हणून तर सख्ख्या भावाभावांत चार-चार इंचांचा फरक दिसतो. शिवाय लहानपणचं खाणं, आजारपण आहेच. उलट अकॉन्ड्रोप्लेसियात (हाडांची वाढ खुंटवणारा जन्मजात विकार) उंची कमी ठेवणारा जीनच डॉमिनंट असतो! त्यामुळे प्लीज, मुलाच्या उंचीवरून कुणाच्या आईवर संशय घेऊ नका.