वेगळं व्हायचं होतं ते त्यांना

शरीराने जोडलेल्या जुळ्यांना वेगळं करण्याच्या ऑपरेशनांवरचा लेख वाचला. ‘डॉक्टर प्रसिद्धीसाठी असली ऑपरेशनं करतात’ हे वाक्य मात्र खटकलं. इराणच्या लादन आणि लालेह बिजानी आठवल्या. डोक्याला डोकं जोडलेलं, दोघी कायदा शिकलेल्या. पण लालेहला व्हायचं होतं पत्रकार आणि लादनला वकील! एकीने कोर्टात जायचं तर दुसरीनेही जायलाच हवं. विचार करून बघा, आपल्याला भावंडाबरोबर एका खोलीत आठवडाभर राहणं जड जातं, या २९ वर्षं राहिल्या.

१९९६ मध्ये जर्मनीतल्या डॉक्टरांनी धोका फार म्हणून नकार दिला होता. तरी २००३ च्या जुलैत त्या सिंगापूरला ऑपरेशनच्या टेबलावर गेल्या, जीव जाऊ शकतो हे माहीत असून. मेंदू दोन होते, पण मेंदूतलं रक्त परत नेणारी मोठी शीर दोघींत एकच. ती एकीकडे ठेवली की दुसरीचं रक्त तुंबणार, म्हणून मांडीतली शीर काढून नवी वाट करून दिली. मेंदूही एकमेकांना घट्ट चिकटलेले. पन्नासहून जास्त तास काम चाललं. वेगळ्या झाल्या आणि रक्तस्राव आवरला नाही. आधी लादन गेली, दीड तासाने लालेह.

तान्ह्या बाळांचं ठरवतात आईबाप. इथे तर शिकल्यासवरलेल्या दोन बायकांनी स्वतः ठरवलं होतं. डॉक्टरांनी हो म्हणायला हवं होतं का, यावर वाद घाला जरूर. पण त्यात त्या दोघींचं म्हणणं गाळू नका.

गावी त्यांना शेजारीशेजारी पुरलं, वेगवेगळ्या कबरींत.